पाया सपाटच लागतो

जगातलं सर्वांत उंच शिखर कोणतं, हे चौथीतलं पोरगंही सांगेल. पण ज्या मोजणीतून पुढे त्या शिखराची उंची कळली, ती मोजणी सुरू करणारा माणूस कुठं पुरला आहे असं विचारलं, तर मोबाइल काढावा लागतो. उत्तर आहे हिंगणघाट, जिल्हा वर्धा. श्रीनगरहून कन्याकुमारीला जाणारा राष्ट्रीय महामार्ग ४४ इथूनच जातो. ट्रक, ट्रॅव्हल्स, कापसाच्या गाड्या त्यावरून रात्रंदिवस पळत असतात. भारताच्या उभ्या लांबीची पहिली काटेकोर मोजणी करणारा विल्यम लॅम्बटन याच वाटेवर, २० जानेवारी १८२३ रोजी, काम अर्ध्यावर असताना वारला, हे त्या गाड्यांमधल्या फार थोड्यांना ठाऊक असेल.

मी याच जिल्ह्यातला. हिंगणघाट-समुद्रपूरच्या पट्ट्यात आमची कोरडवाहू शेती. पुण्यात शिकायला गेलो तेव्हा वर्गातली निम्मी मुलं शनिवारी रात्री पाठीला सॅक लावून राजगडाला नाहीतर हरिश्चंद्रगडाला निघालेली असायची. कुणीतरी विचारायचं, "तुमच्याकडं कुठला गड आहे रे?" मी सांगायचो, गड नाही, टेकड्या आहेत. आर्वी, आष्टी, कारंजाकडं सातपुड्यानं शेवटचे पाय पसरलेत. सेलूकडं बोरचं जंगल आहे. "म्हणजे सपाटच ना?" असं म्हणून विषय संपायचा. 'सपाट' हा शब्द असा उच्चारला जायचा, जणू आमचा जिल्हा भूगोलात नापास झालाय.

भारतातले मोठे डोंगर आणि ज्वालामुखी यांची यादी केली तर त्यात कांचनगंगा येते, नंदादेवी येते, आपलं कळसूबाई येतं, अंदमानातल्या बॅरन बेटावरचा धुमसता ज्वालामुखी येतो. वर्ध्याचं नाव येत नाही. पण त्या यादीतल्या उंच्या कशा मोजल्या गेल्या आणि त्यातले काही डोंगर कशाचे बनले, हे शोधत गेलं की वाट वर्धा जिल्ह्यातूनच जाते.

बारा किलोमीटरची एक रेघ

लॅम्बटन साधारण १७५३ च्या सुमारास इंग्लंडमधल्या यॉर्कशायरमध्ये, शेतकरी घरात जन्मला. गणितात हुशार. फौजेसोबत हिंदुस्थानात आला आणि १७९९ साली श्रीरंगपट्टणच्या लढाईत होता. त्याच लढाईत टिपू सुलतान पडला. कंपनीला दक्षिणेतला मोठा मुलूख मिळाला आणि तो नेमका केवढा आहे, हे कुणालाच धड माहीत नव्हतं. लॅम्बटननं प्रस्ताव मांडला की एका समुद्रापासून दुसऱ्या समुद्रापर्यंत त्रिकोण टाकत जाऊ आणि सगळा प्रदेश मोजून काढू.

त्रिकोणांची ही रीत शाळेत शिकलेली आहे, फक्त आपण ती परीक्षेनंतर विसरतो. त्रिकोणाची एक बाजू आणि तिच्या दोन टोकांचे कोन माहीत असले, की उरलेल्या दोन बाजू गणितानं निघतात. मग त्यातली एक बाजू धरून पुढचा त्रिकोण. त्याची एक बाजू धरून त्याच्या पुढचा. म्हणजे प्रत्यक्ष जमिनीवर साखळी टाकून एकच बाजू मोजायची, बाकी सगळं दुर्बिणीतून कोन घेऊन. पण ती पहिली बाजू चुकली तर पुढचे सगळे त्रिकोण चुकणार. म्हणून ती जिवाच्या कराराने मोजायची आणि शक्य तितक्या सपाट जमिनीवर मोजायची. तिला पायारेषा म्हणतात.

१० एप्रिल १८०२ रोजी मद्रासजवळ, सेंट थॉमस टेकडीच्या पायथ्याशी, लॅम्बटननं ती रेषा मोजायला घेतली. शंभर फुटांची पोलादी साखळी. मद्रासचा उन्हाळा. तापलं की पोलाद वाढतं, म्हणून साखळी लाकडी पेट्यांमध्ये ठेवायची, वर सावली धरायची, थर्मामीटर वाचायचे आणि मगच आकडा लिहायचा. साधारण १२ किलोमीटरची रेषा, तिला ५७ दिवस लागले. आपण दुचाकीवर तेवढं अंतर वीस मिनिटांत कापतो.

आता गंमत पाहा. त्याच वर्षी जून महिन्यात पृथ्वीच्या दुसऱ्या बाजूला अलेक्झांडर फॉन हुम्बोल्ट हा जर्मन शास्त्रज्ञ दक्षिण अमेरिकेतल्या चिंबोराझो या ज्वालामुखीवर चढत होता. तेव्हाच्या युरोपच्या समजुतीप्रमाणे जगातला सर्वांत उंच पर्वत तोच. हुम्बोल्ट शिखरापर्यंत पोचला नाही, पण इतक्या उंचीवर गेलेला माणूस म्हणून युरोपभर गाजला. मद्रासच्या उन्हात साखळीवर वाकलेल्या लॅम्बटनला कोण विचारतो? पण चिंबोराझोचं 'सर्वांत उंच' हे बिरुद ज्या मोजणीनं कायमचं काढून घेतलं, तिची पहिली रेघ या वाकलेल्या माणसानं ओढली होती.

लॅम्बटनला स्वतःला डोंगर मोजायचे नव्हतेच. त्याला पृथ्वीचा आकार हवा होता. पृथ्वी विषुववृत्तापाशी फुगलेली आणि ध्रुवांपाशी चपटी आहे, ती नेमकी किती, हा त्या काळचा मोठा प्रश्न. त्यासाठी एकाच रेखावृत्तावर दक्षिणोत्तर लांबच लांब अंतर मोजायला लागतं. (याच फुगवट्यामुळे चिंबोराझोची एक फुशारकी अजून शाबूत आहे. पृथ्वीच्या मध्यापासून मोजलं तर त्याचं टोक एव्हरेस्टपेक्षाही दूर आहे.) म्हणून लॅम्बटन ७८ अंश रेखावृत्ताच्या आसपास कन्याकुमारीकडून उत्तरेकडे सरकत राहिला. या कामाला पुढे 'ग्रेट आर्क' म्हणजे महाकंस असं नाव पडलं.

त्याच्यासोबत सुमारे अर्ध्या टनाचं थिओडोलाइट, म्हणजे कोन मोजायचं यंत्र, असायचं. इंग्लंडहून येताना ते वाटेत फ्रेंचांनी पकडलं होतं आणि मग सभ्यपणे परतही केलं होतं. १८०८ साली तंजावरच्या मोठ्या देवळावर चढवताना दोर तुटून ते आदळलं. लॅम्बटननं तंबूत बसून आठवडेच्या आठवडे ते स्वतः ठोकून सरळ केलं. सपाट मुलखात दूरचं दिसायला उंच जागा लागते, म्हणून देवळाचं शिखरही चाले. ते यंत्र वाहणारे, ओढणारे, टेकड्यांवर झाडी तोडून निशाणं रोवणारे शेकडो खलाशी आणि मजूर मात्र कागदावर फारसे नावानिशी येत नाहीत.

या मोजणीतून पहिला धक्का असा निघाला, की मद्रास आणि मंगळूर यांच्यामध्ये द्वीपकल्प जुन्या नकाशांपेक्षा सुमारे ४० मैलांनी अरुंद आहे. १८१५ पर्यंत त्रिकोण बीदरला पोचले. १८१८ मध्ये या कामाला 'ग्रेट ट्रिग्नॉमेट्रिकल सर्व्हे' हे अधिकृत नाव मिळालं आणि लॅम्बटनच्या हाताखाली जॉर्ज एव्हरेस्ट नावाचा तरुण अधिकारी आला. मध्य भारतातलं काम जवळून पाहता यावं म्हणून लॅम्बटननं मुक्काम हैदराबादहून नागपूरला हलवायचं ठरवलं. वय सत्तरीच्या घरात, छातीत क्षय. नागपूर अजून काही मजलांवर असताना हिंगणघाटच्या मुक्कामी तो गेला. वीस वर्षं चाललेल्या कामातून सुमारे दहा अंशांचा कंस पुरा झाला होता. हिमालय अजून खूप लांब होता.

नाव वर गेलं

पुढचं काम एव्हरेस्टनं हिमालयाच्या पायथ्यापर्यंत नेलं आणि १८४३ साली तो निवृत्त होऊन परत गेला. त्याच्या हाताखाली दोन माणसं तयार झाली, त्यांची नावं इथं घेतलीच पाहिजेत. एक अर्काटचा सय्यद मीर मोहसीन हुसेन. हा यंत्रांचा कारागीर. मोडलेली इंग्रजी यंत्रं दुरुस्त करता करता सर्व्हेचा अधिकृत यंत्रनिर्माता झाला. दुसरा राधानाथ सिकदार. १८३१ साली कलकत्त्यात गणक म्हणून लागला. त्या काळी 'कॉम्प्युटर' हा शब्द माणसासाठी वापरत. आकडेमोड करणारा तो कॉम्प्युटर. पुढे सिकदार मुख्य गणक झाला.

नेपाळात इंग्रजांना प्रवेश नव्हता. त्यामुळे १८४९-५० च्या सुमारास 'शिखर क्रमांक १५' चे कोन बिहारच्या सपाटीवरून घेतले गेले. डोंगर पावणेदोनशे किलोमीटर किंवा त्याहूनही लांब. मधल्या हवेत प्रकाशाचा किरण वाकतो, पृथ्वीचा पृष्ठभाग वाकतो, हे सगळं हिशेबात धरायचं. १८५२ मध्ये आकडेमोड जमत आली. १८५६ मध्ये सर्व्हेयर जनरल अँड्र्यू वॉ यानं उंची जाहीर केली, २९,००२ फूट. सिकदार धावत साहेबाकडे गेला आणि "साहेब, जगातलं सर्वांत उंच शिखर सापडलं" असं ओरडला, ही गोष्ट सगळीकडे सांगितली जाते. पण तेव्हा सिकदार कलकत्त्यात होता आणि वॉचं ऑफिस डेहराडूनला. धावायचं अंतर जरा जास्तच झालं. सिकदारचा वाटा मात्र त्या गोष्टीशिवायही खरा आहे. २०२० साली नेपाळ आणि चीन यांनी मिळून जाहीर केलेली उंची ८,८४८.८६ मीटर आहे, म्हणजे साधारण २९,०३२ फूट. सपाटीवर उभं राहून, न चढता काढलेला आकडा तीसेक फुटांनीच वेगळा निघाला.

वॉनं शिखराला आपल्या जुन्या साहेबाचं नाव दिलं. खुद्द एव्हरेस्टला ते पटलं नव्हतं. हे नाव हिंदीत लिहिता यायचं नाही आणि इथल्या लोकांना उच्चारता यायचं नाही, अशी त्याची तक्रार होती. (आपण सगळे ते आजही चुकीचंच उच्चारतो. त्याच्या घरात 'ईव्हरेस्ट' म्हणत.) १८६५ साली लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीनं नाव पक्कं केलं. तिबेटात त्या डोंगराचं चोमोलुंग्मा हे नाव फार आधीपासून होतं.

म्हणजे ज्यानं पहिली पायारेषा मोजली त्याच्या वाट्याला हिंगणघाटची कबर आली, आकडेमोड करणाऱ्याच्या वाट्याला एक दंतकथा, आणि शिखर तिसऱ्याच्याच नावावर लागलं. उंचीचा हिशेब बहुतेक वेळा असाच मांडला जातो. मजला वरचा मोजतात, पायाचे दगड कुणी मोजत नाही.

याच मोजणीतून एक आणखी मोठी गोष्ट हाती लागली. उत्तरेकडच्या दोन ठाण्यांमधलं अंतर त्रिकोणांनी एक येत होतं आणि ताऱ्यांच्या निरीक्षणांवरून किंचित वेगळं. फरक कोनात मोजला तर पाचेक सेकंदांचा, पण लपवता येत नव्हता. कलकत्त्याचा आर्चडीकन जॉन प्रॅट यानं हिशेब केला. हिमालय आपल्या वजनानं ओळंब्याला स्वतःकडे ओढतो हे खरं, पण एवढ्या डोंगरानं जितकं ओढायला हवं त्यापेक्षा बरंच कमी ओढतो. १८५५ मध्ये जॉर्ज एअरी या शास्त्रज्ञानं उलगडा सुचवला. डोंगराला खाली हलक्या खडकाचं खोल मूळ असतं आणि पाण्यावरच्या ओंडक्यासारखा तो त्या मुळावर तरंगतो. डोंगर दिसतो त्याहून जास्त जमिनीखाली असतो, हे विज्ञानाला इथल्या मोजणीनं शिकवलं.

आडवा पडलेला डोंगर

आता लॅम्बटनला सोडून त्याच्या पायाखालच्या जमिनीकडे येऊ. त्याच्या सर्व्हेत हेन्री व्हॉयसी नावाचा एक डॉक्टर होता. औषधपाणी करता करता तो दगड पाहायचा. नागपूरच्या सीताबर्डी टेकडीवर त्यानं लिहिलं, मेळघाटच्या अंगाला असलेल्या गाविलगडच्या डोंगरात दगड झालेले शिंपले शोधले. भारतीय भूविज्ञानाच्या पहिल्या माणसांमध्ये त्याची गणना होते. लॅम्बटननंतर वर्षभरानं, एप्रिल १८२४ मध्ये, तोही प्रवासातच वारला.

व्हॉयसी ज्या काळ्या दगडावर अडकला होता, तो बेसाल्ट. थंड झालेला लाव्हा. वर्धा जिल्हा जवळजवळ सगळा या लाव्हावर उभा आहे. साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वी भारतीय भूमी हिंदी महासागरातल्या आजच्या रियुनियन बेटाच्या जागेवरून उत्तरेकडे सरकत होती, तेव्हा जमीन फाटली. ज्वालामुखी म्हटलं की आपल्याला शंकूसारखा डोंगर आणि वरून उडणारी आग दिसते. इथं तसं झालं नाही. लांबच लांब भेगांतून लाव्हा वर आला आणि दुधाला उतू आल्यासारखा पसरला. थंड झाला, पुन्हा आला. एकावर एक थर बसत गेले. आजही सुमारे पाच लाख चौरस किलोमीटरवर तो दिसतो. काही प्रवाह तर थेट आंध्रात राजमुंद्रीपर्यंत, हजारेक किलोमीटर वाहत गेले असावेत, असं बऱ्याच संशोधकांचं मत आहे. याच सुमारास डायनासोर संपले. मेक्सिकोत आदळलेला अशनी मुख्य गुन्हेगार, की आपला लाव्हाही साथीदार, यावर अजून वाद चालू आहे. हिंगणघाटहून फार लांब नसलेल्या पिसदुऱ्याला, वरोऱ्याजवळ, लाव्हाखालच्या थरांत डायनासोरची हाडं आणि दगड झालेलं शेण सापडलं आहे.

या थरांना 'डेक्कन ट्रॅप' म्हणतात. ट्रॅप हा शब्द स्वीडिश भाषेतल्या जिन्यावरून आला, कारण हे डोंगर पायऱ्यांसारखे दिसतात. पश्चिम घाटात थरांची जाडी दोन किलोमीटरच्या आसपास जाते. तिथं पावसानं आणि नद्यांनी ते कापून काढले, म्हणून कडे झाले, त्यावर गड झाले, आणि माझे पुण्यातले मित्र त्यावर चढले. पूर्वेकडे लाव्हा पातळ होत येतो आणि नागपूरच्या आसपास संपतो. आम्ही त्या भाकरीच्या कडेला राहतो. कड पातळ असते, पण भाकरी तीच.

म्हणजे कळसूबाई आणि आमचं वावर एकाच घराण्यातले. एक उभा राहिला, एक आडवा पडला. आडवा पडलेला हळूहळू झिजून काळी माती झाला. ही माती पावसात फुगते आणि उन्हात आक्रसते. एप्रिलमध्ये तिला अशा भेगा पडतात, की हात आत जावा. वरची माती भेगांत पडते, पाऊस आला की खालची वर येते. म्हणून लोक म्हणतात की काळी माती स्वतःला नांगरते. ओल धरून ठेवायची तिची ताकद मोठी, म्हणून पाऊस गेल्यावरही कापसाचं झाड तग धरतं. १८६१ ते ६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध झालं, इंग्लंडच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना, तेव्हा इथला कापूस त्यांच्या नजरेत भरला आणि 'हिंगणघाट' हे बाजारात कापसाच्या जातीचं नाव म्हणून चालू लागलं. १८६२ साली नागपूरमधून वर्धा हा वेगळा जिल्हा निघाला, तोही याच कापसाच्या दिवसांत.

लाव्हाच्या दोन थरांच्या मध्ये कधीकधी वेगळाच पातळ थर सापडतो. त्यात गोड्या पाण्यातल्या गोगलगाई, पानं, बिया दगड होऊन बसलेल्या असतात. म्हणजे एक लाव्हा आला, थंडावला, वर तळी साचली, झाडं उगवली, जीव नांदले, आणि मग पुढचा लाव्हा आला. नागपूरजवळच्या टाकळीतल्या अशा थरांचा अभ्यास स्टीफन हिस्लॉप या स्कॉटिश मिशनऱ्यानं १८५० च्या दशकात केला. नागपूरचं हिस्लॉप कॉलेज त्याच्याच नावाचं. तो गोंडांच्या कथा आणि भाषाही टिपून ठेवायचा. ४ सप्टेंबर १८६३ रोजी टाकळघाटची प्राचीन शिळावर्तुळं पाहून परतताना बोरीजवळ नाल्याच्या पुरात तो बुडाला. लॅम्बटन, व्हॉयसी, हिस्लॉप. या जमिनीचं रहस्य शोधणारे तिघंही वाटेतच गेले.

गिरडचे नारळ

पण जमिनीकडे पाहून प्रश्न विचारणारे फक्त साहेब होते असं नाही. समुद्रपूर तालुक्यात गिरडची टेकडी आहे. वर शेख फरीद बाबांचा दर्गा. हिंदू, मुसलमान सगळे जातात. टेकडीवर गोल गोल दगड सापडतात. त्यांची गोष्ट इंग्रजी काळच्या गॅझेटियरमध्येही नोंदली आहे. दोन बंजारा व्यापारी नारळ आणि इतर माल घेऊन चालले होते. त्यांनी बाबांची टिंगल केली. बाबांनी सगळा माल दगड करून टाकला. व्यापारी पाया पडले, तेव्हा बाबांनी सुक्या पानांचा नवा माल करून दिला. मग दोघं तिथंच बाबांच्या सेवेत राहिले, आणि टेकडीवरच्या दोन कबरी त्यांच्याच असं सांगतात.

भूविज्ञान सांगतं की हे दगड झिओलाइट या खनिजाचे गोळे आहेत. लाव्हा थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकतात. नंतर खडकातून झिरपणारं गरम पाणी त्या पोकळ्यांत खनिजं भरत जातं. भोवतीचा खडक झिजला की आतले गोळे मोकळे होतात.

दोन्ही गोष्टी शेजारी ठेवून पाहा. लोककथेनं दोन बाबी अचूक हेरल्या होत्या. हे गोळे भोवतीच्या दगडापेक्षा वेगळे आहेत आणि ते आधी कशाच्या तरी आत होते. कारण तिनं आपल्या परीनं दिलं. तेही असं, की त्यातून माणसाला नम्रता शिकता यावी. मला ती कथा खोटी ठरवायची घाई होत नाही. पाहणं तिथूनच सुरू झालं आहे.

पाणी कुठं लागतं

हे सगळं रंजक इतिहास म्हणून वाचून सोडून देता आलं असतं. पण आमच्या भागात लाव्हा हा रोजच्या जगण्याचा प्रश्न आहे, कारण तो पाणी ठरवतो.

आमच्या शेतात दोन बोअर कोरडे गेले. पाणाडी आला होता. त्यानं तळहातावर नारळ आडवा ठेवला, शेतभर फिरला, नारळ जिथं उभा राहिला तिथं खूण केली. यंत्र लागलं, रात्रभर दगडाची पांढरी-काळी भुकटी उडत राहिली, आणि सकाळी फक्त धुरळा. शेजारच्या वावरात, बांधापासून हाकेच्या अंतरावर, चांगलं पाणी. बाबा बांधावर बसून म्हणाले, "त्याईच्या इकडं पानी हाय, आपल्या इकडं नाही. हे काहून बाप्पा?" त्या प्रश्नाचं उत्तर नशिबात शोधायची आमच्याकडं सवय आहे. कर्जाचा हप्ता मात्र दोन्ही बोअरचा भरावा लागला.

उत्तर थरांमध्ये आहे. एखादी जुनी विहीर पाहा, काठावर उभं राहून आत. वर काळी माती. खाली मुरूम, म्हणजे सडलेला, भुसभुशीत झालेला लाव्हा. त्याच्यातून पाणी झिरपतं आणि साठतं. खाली कुठं मांजऱ्या दगड, बुडबुड्यांनी भरलेला. हा लाव्हाच्या थराचा वरचा भाग. तो सडला, चिरला असेल तर पाणी देतो. त्याखाली काळा पाषाण, थराचा घट्ट पोटाचा भाग. त्याला भेग असेल तरच थेंब, नाहीतर ठणठणाट. दोन थरांच्या मध्ये कधी गेरूसारखा लाल पट्टा दिसतो. तो चिकणमातीचा, तो पाणी अडवतो. मग पुन्हा नवा थर. वाळूच्या प्रदेशात खाली सगळीकडे भिजलेल्या स्पंजासारखं पाणी असतं. लाव्हाच्या प्रदेशात ते भेगांमध्ये आणि पापुद्र्यांमध्ये असतं. बांधापलीकडच्या बोअरला भेग लागली, आमच्याला लागली नाही. लॅम्बटनच्या भाषेत बोलायचं तर आम्ही कोन न घेताच उंची सांगितली होती.

म्हणून आमच्याकडं पाण्याचं गणित खोल जाण्याचं कमी आणि अडवण्याचं जास्त आहे. दगडाची धारणशक्ती मुळात तोकडी. पावसाळ्यात मुरूम भरतो आणि उतार असेल तिकडे पाणी निघून जातं. चारशे फूट खाली जाऊन मिळालेलं पाणी बहुतेकदा शेजाऱ्याच्याच भेगेतलं असतं. बांधबंदिस्ती, नाल्यावरचा बंधारा, शेततळं ही सरकारी फलकावरची नावं वाटतात, पण या दगडाला ती खरंच मानवतात. कोणता थर गावच्या कुठल्या नाल्यात उघडा पडलाय, हे गावाला माहीत असेल तर पाणी मुरवायची जागा नकाशावर दाखवता येते. त्यासाठी साहेब लागत नाही. दहा-बारा विहिरी, एक मोजपट्टी, एक वही आणि कॉलेजातली चार पोरं पुरतात. प्रत्येक विहिरीत किती फुटांवर मुरूम संपतो, मांजऱ्या कुठं लागतो, लाल पट्टा कुठं दिसतो, मे महिन्यात पाणी किती उरतं, एवढं लिहायचं. विहिरी जोडत गेलं की जमिनीखालचा जिना दिसायला लागतो.

गेल्या उन्हाळ्यात आम्ही आमच्या आणि शेजारच्या मिळून अकरा विहिरी अशा लिहून काढल्या. लाल पट्टा त्यातल्या सात विहिरींत दिसला आणि तो पूर्वेकडे उतरत जातो, एवढं आता आम्हाला माहीत आहे. तिसरा बोअर घ्यायचा की नाही, यावर घरात अजून चर्चा चालू आहे. पण या वेळी ती नारळावरून नाही, वहीवरून चालू आहे. बाबांनी वहीत स्वतःच्या हातानं एक नोंद केली आहे, कुठल्या विहिरीला कोणत्या साली किती पाणी होतं याची, आठवेल तितकी मागची. ती यादी माझ्या जन्माच्या आधीपासून सुरू होते.

तुमच्या गावात गड नसेल, टेकडीही नसेल. तरी एकदा जवळच्या विहिरीत डोकावून थर मोजा. आणि कधी महामार्ग ४४ वरून हिंगणघाटातून गेलात तर गाडीचा वेग थोडा कमी करा. चिंबोराझोवर न चढता त्याला हरवणारं काम सुरू करणारा म्हातारा तिथं, सहा कोटी वर्षांच्या लाव्हावर, सपाट जमिनीत झोपला आहे.